नागपुरात राहून ईडीएमचा डीजे-प्रोड्यूसर होता येतं का?

प्रश्न थोडक्यात असा: वय २१, इंजिनिअरिंगचं तिसरं वर्ष, घर मानेवाड्याला. दोन वर्षांपासून लॅपटॉपवर ट्रॅक बनवणं सुरू आहे, मित्रांच्या वाढदिवसांत वाजवून झालंय. ईडीएमचा (इलेक्ट्रॉनिक डान्स म्युझिकचा) डीजे आणि प्रोड्यूसर म्हणून पोट भरेल का, महागडा कोर्स करावा का, मुंबई गाठावी का, घरी काय सांगावं, आणि जाता जाता, नावाआधी 'डीजे' लावावं का.

मी या धंद्यात २००५ पासून आहे. सुरुवात इतवारीतल्या एका साउंडवाल्याकडे वायरी गुंडाळण्यापासून. आज लग्नं, कंपन्यांचे कार्यक्रम, पब, वर्षातून चार-पाच वेळा पुण्या-गोव्याकडचे क्लब आणि स्वतःच्या नावावर निघालेले ट्रॅक अशा पाच नळांतून पाणी येतं, तेव्हा टाकी भरते. एकट्या नळानं ती कधीच भरली नाही.

तू 'डीजे आणि प्रोड्यूसर' एका दमात लिहिलंस. माझ्या मते हे दोन वेगळे धंदे आहेत, एक ट्रॅक वाजवण्याचा, दुसरा बनवण्याचा, आणि त्यांचा हिशेबही वेगळा ठेवावा लागतो. काटोल-नरखेडकडे तुमच्या कुणा नातेवाइकाची संत्र्याची बाग असेल तर त्याला विचार. कलम लावल्यापासून चौथ्या-पाचव्या वर्षापर्यंत झाड हातात काही देत नाही. तोवर शेतकरी ओळींच्या मधल्या जागेत सोयाबीन, तूर, हरभरा घेतो आणि त्याच्यावर घर चालवतो. प्रोडक्शन ही बाग आहे, डीजेगिरी हे आंतरपीक. नुसती बाग लावून बसलेली पोरं मी दीड-दोन वर्षांत नोकरीला लागलेली पाहिली. आणि आंतरपिकाच्या रोख पैशाची चटक लागून झाडंच न लावलेला माणूस पाहायचा असेल तर मला पाहा. पहिली सात वर्षं मी एकही स्वतःचा ट्रॅक पूर्ण केला नाही. रोज नोटा येत होत्या, कशाला करेल माणूस?

या शहरात पंचांग हाच तुझा बुकिंग मॅनेजर. तुळशीचं लग्न लागलं की फोन वाजायला लागतात, पौषात जरा शांत होतात आणि मग उन्हाळा संपेपर्यंत श्वास घ्यायला वेळ नसतो. आषाढी ते कार्तिकी मुहूर्त नाहीत. मध्ये नवरात्रात गरबा, बाकी शुकशुकाट. नवखी पोरं या चार महिन्यांत घाबरून मिळेल त्या भावात सुपाऱ्या घेतात. मी या काळात काहीच घेत नाही, घरात बसून ट्रॅक करतो. गेल्या दहा वर्षांत माझं जे काही निघालं त्यातलं बहुतेक श्रावण-भाद्रपदातलं आहे. उन्हाळ्यात चार पैसे बाजूला टाकले असतील तरच हे जमतं, हे वेगळं सांगायला नको.

आता लग्नांबद्दल. तुझ्या प्रश्नात एक वाक्य होतं, 'मला लग्नात वाजवायचं नाही, मला अंडरग्राउंड (फिल्मी नसलेलं, क्लबातलं संगीत) करायचंय.' कर की. पण आधी दोन सीझन संगीत आणि रिसेप्शनं वाजव. इतकं कठीण फ्लोअर तुला जगात कुठं मिळणार नाही. वर्धा रोडच्या लॉनवर संगीत साडेसातला ठरलेलं असतं. नवरीच्या मावसबहिणींचे डान्स, मग काका-काकूंचा डान्स, मग कोणाचं तरी भाषण, आणि डीजेच्या हातात फ्लोअर येतो सव्वानऊला. दहाला आवाज बंद. ध्वनिप्रदूषणाचे नियम २००० सालचे आहेत. रात्री १० ते सकाळी ६ उघड्यावर लाउडस्पीकर नाही, निवासी भागात दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबलची मर्यादा. बारापर्यंतची सवलत सरकार वर्षातून जास्तीत जास्त १५ दिवस देऊ शकतं आणि तुझ्या सुपारीचा दिवस त्यात बसत नाही असंच धरून चाल. म्हणजे पंचेचाळीस मिनिटं. समोर सहा वर्षांची पोरगी, साठीची आत्या आणि कोपऱ्यात हाताची घडी घालून उभे नवरदेवाचे मित्र.

हिंदी-मराठी नाचाची पुष्कळ गाणी ९५ ते १०५ बीपीएमच्या (मिनिटाला ठोके) आसपास असतात. तुझं हाऊस, म्हणजे सलग ठोक्यावर चालणारं क्लबचं संगीत, १२४-१२८ ला. शंभरवरून एकदम सव्वाशेवर उडी मारलीस की आत्या खाली बसते, आणि आत्या बसली की तिच्या भोवतीच्या सात जणी बसतात. मी असं करतो: ओळखीच्या गाण्याची तोंडात बसलेली ओळ (हुक) इकोत सोडायची, दोन मात्रा पूर्ण शांत, मग नव्या टेम्पोवर आधी नुसता ढोल किंवा टाळ्या. लोकांना टाळी कळते, तिचा टेम्पो त्यांना मोजायचा नसतो. आठ बार (चार ठोक्यांचा एक बार) टाळ्या, मग खालून किक, म्हणजे ड्रमचा जाड ठोका, आणि त्याच्यावर ओळखीच्याच गाण्याचा नुसता आवाज. तीन मिनिटांत आत्या टेक हाऊसवर नाचत असते आणि तिला ते माहीतही नसतं. हे एकदा डोळ्यांनी पाहिलंस की ड्रॉप, म्हणजे थांबलेला बीट पुन्हा जोरात कोसळायची जागा, कुठं ठेवायचा हे कोणताही व्हिडिओ पाहून शिकायची गरज राहत नाही. आणि 'काय लावून रायला बे हा?' हे वाक्य कानावर आलं तर वाईट वाटून घेऊ नको. तो फुकटचा अभिप्राय आहे, आणि साधारण बरोबर असतो.

मोजायची सवय लाव. १२८ बीपीएमला ३२ बार म्हणजे १२८ ठोके, बरोबर एक मिनिट. आठ-आठ, सोळा-सोळाच्या खणांत हे संगीत बांधलेलं असतं. दोन गाण्यांचे ठोके आपोआप जुळवणारं सिंकचं बटन वापरायला माझी हरकत नाही, पण महिनाभर ते झाकून कानानं बीट जुळव. एखाद्या दिवशी मशीननं आखलेली ठोक्यांची ग्रिड चुकीची निघते, आणि तेव्हा मदतीला कान सोडून कोणी येत नाही.

प्रोडक्शनची खरी सुरुवातही फ्लोअरवरूनच झाली आहे. 'हाऊस' हे नाव शिकागोच्या वेअरहाऊस नावाच्या क्लबवरून पडलं असं सांगतात. तिथं १९७७ पासून फ्रँकी नकल्स वाजवत. डिस्कोची गाणी त्यांच्या लोकांना पुरत नव्हती, म्हणून ते टेपवर तुकडे कापून-जोडून तीच गाणी लांबवायचे, नंतर सोबत ड्रम मशीन लावायला लागले. मोठा कलाकार व्हायचं म्हणून ते कापायला बसले नव्हते. शनिवारी फ्लोअर भरलेला ठेवायचा होता. तूही पहिल्या वर्षी 'माझा साउंड' शोधत बसू नको. येत्या शनिवारी कामाला येईल असा एक एडिट, म्हणजे गाण्याची कापून-जोडून केलेली आवृत्ती, कर, वाजव, कुठं लोक पाणी प्यायला गेले ते लक्षात ठेव, रविवारी दुरुस्त कर.

आता ज्याबद्दल कोणी बोलत नाही ते: तुझी खोली. नागपूरचं मधल्या वर्गाचं घर म्हणजे दहा बाय बाराची खोली, खाली टाइल्स, वर स्लॅब, चार उघड्या भिंती. आवाज हवेत सेकंदाला साधारण ३४३ मीटर जातो. हिशेब केलास तर दहा फुटांच्या दोन भिंतींमध्ये जवळपास ५६ हर्ट्झ आणि बारा फुटांमध्ये ४७ हर्ट्झच्या लाटा अडकतात. तुझी किक आणि बेसचे खालचे सूर नेमके तिथंच राहतात. जी ४९ हर्ट्झ, ए ५५. या लाटांचा जोर भिंतीपाशी सगळ्यात जास्त आणि खोलीच्या मधोमध जवळपास शून्य. म्हणून मधोमध टेबल लावणारा पोरगा 'बेस कमी येतोय' म्हणून वाढवत सुटतो, आणि पलंग भिंतीला टेकवून त्यावर बसणारा 'फार होतंय' म्हणून कापत सुटतो. दोघांचेही ट्रॅक क्लबात लाज आणतात. टेबल लांबीच्या बाजूनं असं ठेव की बसल्यावर तुझं डोकं समोरच्या भिंतीपासून खोलीच्या एक तृतीयांशापेक्षा थोडं पुढं येईल, मागच्या भिंतीला जुन्या गाद्या उभ्या कर, कोपऱ्यांत आणखी गाद्या. फोमचे पातळ चौकोन चिकटवू नको. ते वरचे आवाज खातात, खालच्यांना त्यांची काही पर्वा नसते.

आणि कूलर. एप्रिल ते जून या शहरात कूलरशिवाय माणूस बसू शकत नाही, आणि कूलरसमोर मिक्स, म्हणजे सगळ्या आवाजांचा समतोल, होऊ शकत नाही. त्याचा पंखा आणि मोटर खालच्या पट्टीत अखंड घुमत असते. कानाला पाच मिनिटांत तिची सवय होते, पण ती बेस झाकतच राहते. तू नकळत दोन-तीन डेसिबल चढवतोस. मी हे फार उशिरा पकडलं, कारण माझे उन्हाळ्यातले सगळे मिक्स जाड आणि हिवाळ्यातले बरे, याचं कारण मला कळतच नव्हतं. आता मे महिन्यात दिवसा फक्त धून, कॉर्ड, मांडणी. मिक्स पहाटे साडेचारला, कूलर बंद करून, घाम पुसत. शेवटी मोबाइलच्या स्पीकरवर ऐकायचं. त्यात ५० हर्ट्झ वाजतच नाही. तिथंही बेसची चाल कळली पाहिजे, नसेल कळत तर बेसमध्ये हार्मोनिक्स, म्हणजे मूळ सुरासोबत उमटणारे वरचे सूर, कमी आहेत. थोडं सॅच्युरेशन दे, म्हणजे आवाज किंचित फाटवून ते सूर वाढव.

सामानात पैसे घालू नको. ट्रॅक बनवायचं सॉफ्टवेअर एफएल स्टुडिओ, एबलटन, जे हाताशी आहे ते. अविची आणि मार्टिन गॅरिक्स या जगभर गाजलेल्या दोघांनीही एफएलवर काम केलं, तेव्हा सॉफ्टवेअरला दोष देता येणार नाही. लॅपटॉपला जोडायचा दोन चॅनलचा साधा डीजे कंट्रोलर, कान पूर्ण झाकणारे बरे हेडफोन, आणि दोन पेन ड्राइव्ह. क्लबमध्ये पायोनियरचे प्लेअर असतात, त्यामुळे गाणी रेकॉर्डबॉक्स या पायोनियरच्याच सॉफ्टवेअरमधून एक्स्पोर्ट करून पेन ड्राइव्ह फॅट-३२ या फॉरमॅटमध्ये ठेव, म्हणजे जुन्या-नव्या कोणत्याही मशीनवर उघडेल. दोन का? २०१२ च्या मे महिन्यात, हळदीच्या कार्यक्रमात, दुपारी उघड्या लॉनवर माझा लॅपटॉप तिसऱ्या गाण्याला तापून बंद पडला. एकच होता, गाणी दुसरीकडे कुठंच नव्हती. पुढची वीस मिनिटं नवरीच्या मामांनी गाणी म्हटली.

कोर्सबद्दल माझं मत कोणाला आवडत नाही. बटनं कशी दाबायची हे फुकट शिकता येतं. कोर्समध्ये पैसे कशाचे असतात? तुझा ट्रॅक ऐकून कोणीतरी तोंडावर सांगतं की हे जमलं नाही, त्याचे. शिकवणाऱ्याचे स्वतःचे निघालेले ट्रॅक ऐक. ते आवडले आणि तो वर्गात किती पोरं घेतो याचं उत्तर एका हाताच्या बोटांवर आलं, तर घे. नाहीतर तेवढ्या पैशात एका अनुभवी माणसाचे दहा तास विकत घे आणि प्रत्येक वेळी एक पूर्ण झालेला ट्रॅक घेऊन जा. अर्धवट प्रोजेक्ट दाखवायला नेऊ नको. शेवटची दोन मिनिटं लिहिता येत नाहीत हीच बहुतेकांची खरी अडचण असते आणि अर्धवट ट्रॅक ती लपवतो.

वेगळेपणाचं म्हणशील तर ते नागपुरातच पडलेलं आहे. मुंबईच्या चरणजित सिंग यांनी १९८२ साली रोलंड कंपनीच्या टीबी-३०३ (बेस वाजवणारं मशीन) आणि टीआर-८०८ (ड्रम मशीन) वर दहा राग वाजवून एक रेकॉर्ड काढली. कोणी फारशी घेतली नाही. त्याच ३०३ च्या आवाजातून शिकागोचं ॲसिड हाऊस, म्हणजे हाऊसचाच एक प्रकार, बाहेर पडलं ते १९८७ च्या आसपास. २०१० मध्ये ती रेकॉर्ड पुन्हा निघाली आणि जगभरचे डीजे चाट पडले. सिंग यांच्या हातात नवी मशीन होती आणि डोक्यात आपलं संगीत, बस. तुझ्या डोक्यात काय आहे? पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी मारबतीच्या मिरवणुकीत 'घेऊन जा गे मारबत' म्हणून हजार माणसं ओरडतात, त्या ओरडण्याला स्वतःचा टेम्पो असतो. काळी मारबत १८८१ पासून निघते आहे, कोणत्याही ड्रम मशीनपेक्षा जुनी. दर्ग्याच्या संदल मिरवणुकीत वाजवणारी पथकं आहेत, ढोल आणि ऑक्टोपॅड एकत्र वाजवणारी, आणि त्यांचा झोल, म्हणजे ठेक्यातला हेलकावा, मी पाच वर्षं प्रोग्रॅम करायचा प्रयत्न करतोय, अजून साधला नाही. दीक्षाभूमीच्या दिवसांत भीमगीतांचे किती रीमिक्स शहरात वाजतात ते मोज. पण उचलाउचली नको. पथकाला बोलाव, पैसे दे, रेकॉर्ड कर, कागदावर लिहून घे की यातून ट्रॅक निघेल आणि त्यांचा वाटा किती. मी पहिल्यांदा लिहून घेतलं नव्हतं. मित्र होता तो वाजवणारा, आता नाही.

हक्कांचं थोडक्यात. सिनेमातल्या गाण्याचा रीमिक्स फ्लोअरवर वाजव, पण स्वतःच्या नावानं प्रसिद्ध करायला जाऊ नको, तो काढून टाकला जाईल. लग्न आणि वरातीतल्या संगीताला कॉपीराइट कायद्यात सूट आहे. पब, कंपनीचा कार्यक्रम किंवा थर्टी फर्स्टला नाही, तिथं परवाना लागतो. तो आयोजकानं काढायचा आहे हे करारातच लिही. स्वतःची चाल असेल तर आयपीआरएसचा (गीतकार-संगीतकारांची रॉयल्टी गोळा करणारी संस्था) सभासद हो, प्रत्येक ट्रॅकला बारा अक्षर-अंकी आयएसआरसी हा ओळख क्रमांक मिळाला का ते ट्रॅक स्ट्रीमिंगवर चढवणाऱ्या डिस्ट्रिब्यूटरकडे तपास. स्ट्रीमिंगवर घर चालेल असं समजू नको. २०२४ पासून स्पॉटिफायवर आधीच्या बारा महिन्यांत एक हजार वेळा न वाजलेल्या ट्रॅकला काहीच मिळत नाही. ट्रॅक ही तुझी ओळखपत्रं. त्यामुळे क्लबवाला फोन उचलतो आणि मानधनाचा आकडा वर जातो.

पैशांचा नियम: तारीख पक्की म्हणजे निम्मा इसार. उरलेले कन्सोलवर चढण्याआधी. शहरातल्या एका पबवाल्यानं माझ्याकडून तीन शनिवार वाजवून घेतले आणि चौथ्या शनिवारी पबच्या दाराला कुलूप होतं. तेव्हापासून मी गोड माणसांकडून आधी घेतो. दुसऱ्यासाठी नाव न लावता ट्रॅक करून द्यायची कामंही येतील. घे, त्यात चूक काही नाही, सगळीकडे चालतं. फक्त सगळे पैसे आधी, आणि आपली सगळ्यात चांगली धून त्यात घालायची नाही. मी एकदा घातली होती. पुण्याच्या एका मैदानात ती दुसऱ्याच्या नावानं वाजताना मी गर्दीत उभा होतो, हातात पाण्याची बाटली, आणि शेजारचा पोरगा मला सांगत होता की भाऊ, हा ड्रॉप ऐक.

मुंबई? तिथं क्लब जास्त, ओळखी जास्त, आणि भाडं भरायला तुला महिन्याला जेवढी कामं लागतील तेवढ्यात ट्रॅक करायला वेळ उरत नाही. इथं तुझी खोली फुकट आहे. आईच्या हातचं जेवण हे या धंद्यातलं सगळ्यात मोठं भांडवल आहे, हे हॉटेलात राहायला लागल्यावर कळतं. दहा पूर्ण ट्रॅक, त्यातले दोन-तीन अनोळखी डीजेंनी आपणहून वाजवलेले, एवढं झालं की जा. तोवर महिन्यातून एकदा रात्रीची गाडी पकडून जा, दोन क्लब ऐक, लोकांना भेट आणि परत ये. समृद्धी महामार्गानं ७०१ किलोमीटर आहे, पण रात्रभर वाजवून तो रस्ता स्वतः चालवत यायचं नाही. सरळ रस्त्यावर झोप लागते, माझी लागली होती.

डिग्री पूर्ण कर. एकच वर्ष उरलंय, आणि सिग्नल, फिल्टर, फूरियर जे तू झोपेत शिकतोयस तेच तुझ्या इक्वलायझरच्या पोटात आहे. बाबांना समजावत बसू नको. एका चांगल्या कार्यक्रमाच्या साउंडचेकला त्यांना सोबत घेऊन ये, दुपारी चारला, जेव्हा दारू नसते, लाइट नसतात, नुसती माणसं काम करत असतात. माझे वडील अशाच एका दुपारी आले, अर्थिंग नीट आहे का ते विचारलं आणि चहा पिऊन गेले. त्यानंतर घरात तो विषय निघाला नाही.

कान. ८५ डेसिबलला आठ तास चालतात. पुढं दर तीन डेसिबलला वेळ निम्मी होते. ८८ ला चार तास, १०० ला पंधरा मिनिटं. बूथमध्ये शंभर सहज असतात आणि सेट दोन तासांचा. संगीतासाठी मिळणारे गाळणीचे इअरप्लग पहिल्या इसारातून घे, कंट्रोलरच्या आधी. माझ्या उजव्या कानात २०१४ पासून बारीक शिट्टी वाजते. रात्री कूलर सुरू असला की ऐकू येत नाही, तेवढाच कूलरचा उपयोग.

राहिलं नाव. आपल्याकडे 'डीजे' म्हणजे माणूस नाही, ट्रकवर रचलेली स्पीकरची भिंत. 'डीजे लावला', 'डीजे जप्त झाला' असं लोक बोलतात. मी कार्डावरून ती दोन अक्षरं काढली तेव्हापासून 'दादा, तुमच्याकडे किती बेस हायेत?' असे फोन कमी झाले. बंद नाही झाले. परवाच एक आला, कोंढाळीहून, वरातीसाठी. मी त्याला माझ्या जुन्या साउंडवाल्याचा नंबर दिला. त्याच्याकडे आठ आहेत.